खाते फुटले, तर उत्तर कोणी द्यायचे?

ट्वेंटीथ्री अँड मी ही अमेरिकेतली कंपनी लाळेच्या नमुन्यावरून माणसाचे कूळ आणि त्याची आनुवंशिक माहिती सांगत असे. २०२३ साली तिच्या संकेतस्थळावर कित्येक महिने एक हल्ला चालू होता. त्यात नवे तंत्र काहीच नव्हते. इतर संकेतस्थळांवरून पूर्वीच फुटलेल्या पासवर्डांच्या याद्या घेऊन हल्लेखोर त्या इथे लावून पाहत होते. सुमारे १४,००० खाती अशी उघडली. पण कंपनीने ग्राहकांना आपले नातेवाईक शोधण्याची सोय दिली होती, आणि त्या सोयीतून जवळपास ६९ लाख लोकांची माहिती बाहेर गेली. पीडितांच्या वकिलांना दिलेल्या, जानेवारी २०२४ मध्ये उघड झालेल्या पत्रात कंपनीने दोष ग्राहकांवर टाकला. त्यांनी निष्काळजीपणे जुनेच पासवर्ड पुन्हा वापरले आणि वेळेवर बदलले नाहीत, असे तिचे म्हणणे होते. उरलेल्या अडुसष्ट लाखांहून अधिक लोकांनी तर पासवर्डच्या बाबतीत कोणतीही चूक केलेली नव्हती. त्यांच्याबद्दल या युक्तिवादाकडे उत्तर नव्हते.

ही भूमिका एकाच कंपनीची असती, तर तिचा प्रतिवाद करण्याची गरज नव्हती. पण बँकांची पत्रके, कार्यालयांतली सायबर जागृतीची व्याख्याने आणि फसवणुकीच्या बातम्यांखालच्या सूचना या सगळ्यांमागे तेच गृहीतक असते. वापरणारा माणूस हाच सुरक्षेच्या साखळीतला सर्वांत दुबळा दुवा आहे, म्हणून त्याने कठीण पासवर्ड ठेवावा, त्यात मोठे अक्षर, अंक आणि चिन्ह घालावे, दर तीन महिन्यांनी तो बदलावा, कुठेही लिहून ठेवू नये आणि प्रत्येक ठिकाणी वेगळा ठेवावा. माझे म्हणणे असे की ही शिकवण पुराव्यावर टिकत नाही. लॉगिनची सुरक्षितता मुख्यतः ती व्यवस्था बांधणाऱ्याच्या हातात असते, आणि ग्राहकाच्या स्मरणशक्तीवर लादलेले बरेचसे नियम खऱ्या हल्ल्यांपुढे निरुपयोगी, काही वेळा तर घातक ठरले आहेत.

हे पटण्यासाठी नोंदणीच्या वेळी पडद्याआड काय घडते ते पाहावे लागते. आपण नाव, ईमेल आणि पासवर्ड भरतो. नीट बांधलेली व्यवस्था तो पासवर्ड साठवतच नाही. ती त्याला सॉल्ट नावाची, प्रत्येक खात्यासाठी वेगळी अशी यदृच्छया निवडलेली अक्षरे जोडते आणि त्या मिश्रणावर गणिती प्रक्रिया करून हॅश काढते. हॅशवरून मूळ पासवर्ड उलटा काढता येत नाही. पुढे लॉगिन करताना दिलेल्या पासवर्डवर तीच प्रक्रिया होते आणि दोन हॅश जुळले की दार उघडते. त्यानंतर संकेतस्थळ ब्राउझरला एक तात्पुरती ओळखखूण देते, आणि पुढच्या प्रत्येक पानावर तीच आपली ओळख पटवते. हॅश आणि सॉल्टची ही समज नवी नाही. बेल लॅब्जमधल्या रॉबर्ट मॉरिस आणि केन थॉम्पसन यांनी १९७९ सालच्या निबंधात युनिक्समधली ही पद्धत सविस्तर मांडली होती. त्यांनी तपासलेल्या ३,२८९ पासवर्डांपैकी ८६ टक्के सहज सापडण्याजोगे निघाले. म्हणजे लोक सोपे पासवर्ड निवडतात हे तेव्हापासून ठाऊक होते. त्यावर त्या दोघांनी केलेल्या उपायांचा भर यंत्रावर होता. हॅश काढण्याची प्रक्रिया त्यांनी मुद्दाम संथ केली आणि तिला सॉल्ट जोडले, म्हणजे अंदाज बांधणाऱ्याला प्रत्येक प्रयत्न महाग पडेल. १९९९ साली आलेली बीक्रिप्ट आणि २०१५ साली पासवर्ड हॅशिंग स्पर्धा जिंकलेली अर्गॉन-२ ही त्याच विचाराची पुढची रूपे आहेत.

इतके ज्ञान हाताशी असताना मोठ्या कंपन्यांनी काय केले, हा या वादातला निर्णायक पुरावा आहे. २००९ साली रॉकयू या कंपनीकडून ३ कोटी २० लाख पासवर्ड फुटले. ते साध्या वाचता येणाऱ्या मजकुरात ठेवलेले होते. २०१२ साली लिंक्डइनचे सुमारे ६५ लाख हॅश बाहेर आले, आणि तो आकडा प्रत्यक्षात ११ कोटी ७० लाखांपर्यंत जातो हे २०१६ मध्ये कळले. त्या हॅशना सॉल्ट नव्हते आणि ते काढायला वापरलेली पद्धत इतकी वेगवान होती की आजचे एक ग्राफिक्स कार्ड तसे अब्जावधी अंदाज एका सेकंदात तपासते. बीक्रिप्ट नेहमीच्या मांडणीत वापरले असते, तर त्याच कार्डाला सेकंदाला काही हजारांवर थांबावे लागले असते. २०१३ साली ॲडोबीने पंधरा कोटींहून अधिक नोंदी गमावल्या. तिथे सगळे पासवर्ड एकाच किल्लीने कूटबद्ध केले होते, त्यामुळे सारखे पासवर्ड सारखेच दिसत, आणि शेजारी ग्राहकांनी लिहिलेल्या आठवणीच्या खुणा उघड्या पडल्या होत्या. २०१९ साली फेसबुकने कबूल केले की कोट्यवधी पासवर्ड कंपनीच्या अंतर्गत यंत्रणेत वाचता येतील अशा रूपात पडून होते. त्याबद्दल आयर्लंडच्या माहिती संरक्षण आयोगाने २०२४ मध्ये ९.१ कोटी युरोंचा दंड केला. यांतल्या एकाही प्रसंगात साठवणुकीचा दोष ग्राहकाचा नव्हता. पासवर्ड वाचता येण्याजोगा ठेवला असेल, तर तो आठ अक्षरांचा की अठ्ठावीस, त्यात चिन्ह होते की नव्हते, याने काहीही फरक पडत नाही.

मग अंक-चिन्हांचे नियम आले कुठून? त्यांचा मोठा भाग अमेरिकेच्या राष्ट्रीय मानके आणि तंत्रज्ञान संस्थेच्या, म्हणजे निस्टच्या, २००३-०४ च्या सुमाराच्या मार्गदर्शिकेतून जगभर पसरला. बिल बर हे तिचे लेखक. लोक खरोखर कसे पासवर्ड निवडतात याची आधारसामग्री त्यांना हवी होती, पण गोपनीयतेमुळे ती मिळाली नाही, आणि त्यांना १९८०च्या दशकातल्या एका जुन्या टिपणावर विसंबावे लागले. २०१७ मध्ये निवृत्तीनंतर वॉल स्ट्रीट जर्नलशी बोलताना त्यांनी त्या सल्ल्यातल्या बऱ्याच भागाबद्दल जाहीर खेद व्यक्त केला. माणूस पहिले अक्षर मोठे करतो, शेवटी साल किंवा एक जोडतो आणि चिन्ह हवेच असेल तर ॲट किंवा उद्गारचिन्ह टाकतो. गावाचे नाव, ॲट आणि चालू साल असा पासवर्ड सगळ्या अटी पूर्ण करतो, आणि अंदाज बांधणाऱ्या प्रणालींच्या यादीत अशाच रचना अग्रभागी असतात. नियमाने पासवर्ड कठीण दिसू लागला, पण सापडायला कठीण झाला नाही.

पासवर्ड ठरावीक काळाने बदलायला लावण्याचा नियम याहून दुबळा आहे. अमेरिकेतल्या नॉर्थ कॅरोलायना विद्यापीठाच्या चॅपल हिल इथल्या संशोधकांनी बंद झालेल्या ७,७०० हून अधिक खात्यांचा इतिहास २०१० साली तपासला. या खातेदारांना दर तीन महिन्यांनी पासवर्ड बदलणे भाग होते. जुना पासवर्ड माहीत असेल, तर त्यावरून नवा ओळखता येतो का, हा प्रश्न होता. सुमारे १७ टक्के खात्यांत पाचाहून कमी प्रयत्नांत तो सापडला, आणि हॅश हाती असल्यास ४१ टक्के वेळा काही सेकंद पुरे झाले. लोक शेवटचा अंक वाढवत होते, एखादे अक्षर बदलून चिन्ह घालत होते किंवा क्रम फिरवत होते. महिनोन्‌महिने नवा पासवर्ड पाठ करायला लावलेल्या माणसाने याहून वेगळे काही करणे अवघडच आहे. शिवाय चोराच्या हाती पासवर्ड लागला तर तो बहुधा त्याच दिवशी वापरतो. तीन महिन्यांनी बदललेल्या पासवर्डाने त्या दिवशी झालेले नुकसान भरून येत नाही.

हा पुरावा पाहून मानके ठरवणाऱ्यांनी आपली भूमिका बदलली. निस्टने २०१७ साली नियमित बदल आणि अक्षरचिन्हांची सक्ती टाळण्याचा सल्ला दिला, आणि २०२५ च्या सुधारित आवृत्तीत या दोन्ही गोष्टी करूच नयेत असे बंधनकारक शब्दांत लिहिले. पासवर्ड फुटल्याचा पुरावा असेल, तेव्हा मात्र तो बदलायला लावावा, असे ती सांगते. ब्रिटनच्या सायबर सुरक्षा यंत्रणेनेही नियमित बदलाविरुद्ध सल्ला दिला आहे. मायक्रोसॉफ्टने २०१९ मध्ये विंडोजसाठीच्या आपल्या शिफारशींतून पासवर्डची मुदत काढून टाकली. तरीही आपल्याकडच्या कितीतरी कार्यालयांत आणि संकेतस्थळांवर मुदत संपल्याची सूचना आजही येते. ज्या सल्ल्याच्या लेखकानेच त्याबद्दल खेद व्यक्त केला आहे, तो नियम म्हणून पाळला जातो आणि पाळता न येणाऱ्या माणसाला बेजबाबदार ठरवले जाते.

यावर पहिला आक्षेप येतो तो असा की नियम काढले तर लोक १२३४५६ ठेवतील. हा आक्षेप गंभीर आहे, कारण रॉकयूच्या यादीत तोच पासवर्ड सर्वांत लोकप्रिय होता. पण त्यावरचा उपाय अंक-चिन्हांची सक्ती हा नाही. पूर्वी फुटलेल्या पासवर्डांची यादी ठेवावी आणि नोंदणीच्या वेळी त्यातला पासवर्ड नाकारावा. ट्रॉय हंट यांच्या हॅव आय बीन पोन्ड या सेवेने ही सोय खुली केली आहे. तिला पासवर्ड पाठवावा लागत नाही. त्याच्या हॅशची पहिली पाच अक्षरे पाठवली की जुळणाऱ्या नोंदी परत येतात आणि उरलेली तपासणी आपल्याच यंत्रावर होते. त्याच्या जोडीला लांबी वाढवावी. ७,७७६ शब्दांच्या यादीतून फासे टाकून पाच शब्द निवडले, तर त्यांच्या संभाव्य जोडण्या कळफलकावरच्या आठ यदृच्छ अक्षरांच्या जोडण्यांपेक्षा चार हजार पटींहून अधिक होतात. असे शब्द लक्षात राहतात, आणि ते मराठीही असू शकतात. मात्र ते खरोखर फाशांनी निवडलेले असावेत. म्हण, गाण्याची ओळ किंवा देवाचे नाव लांब असले, तरी ते सर्वांना ठाऊक असते. आणखी एक काम संकेतस्थळालाच करावे लागते. एका खात्यावर किंवा एका ठिकाणाहून हजारो प्रयत्न होऊ लागले, तर ते रोखणे. ट्वेंटीथ्री अँड मीच्या प्रकरणात ब्रिटन आणि कॅनडाच्या माहिती नियामकांनी संयुक्त चौकशी केली. २०२५ मध्ये ब्रिटनच्या नियामकाने कंपनीला २३.१ लाख पौंडांचा दंड केला, आणि दुसऱ्या टप्प्याची पडताळणी सक्तीची नसणे, ओळख तपासण्याची व्यवस्था अपुरी असणे हे दोष कंपनीच्या नावावर नोंदवले. पासवर्ड कोणी पुन्हा वापरले, यापाशी ती चौकशी थांबली नाही.

दुसरा आक्षेप असा की काहीही झाले, तरी एकच पासवर्ड दहा ठिकाणी वापरणे ही चूकच आहे. होय, त्यात धोका आहे, आणि तो लोकांना सांगितलाच पाहिजे. पण ती चूक कुठल्या परिस्थितीत घडते तेही पाहावे. मायक्रोसॉफ्टच्या दिनेई फ्लोरेन्सिओ आणि कॉर्मॅक हर्ली यांनी २००७ साली सुमारे पाच लाख वापरकर्त्यांच्या सवयी अभ्यासल्या. सरासरी माणसाची पंचवीस खाती होती आणि त्यांच्यासाठी साडेसहा पासवर्ड. स्मार्टफोन अजून हातोहाती पोहोचायचे होते, तेव्हाची ही संख्या आहे. आज गॅसच्या नोंदणीपासून परीक्षेच्या अर्जापर्यंत आणि मुलाच्या शाळेपासून दवाखान्यापर्यंत प्रत्येक ठिकाणी वेगळे खाते उघडावे लागते. पंचवीस वेगवेगळे, निरर्थक आणि दर तीन महिन्यांनी बदलणारे पासवर्ड कुठेही न लिहिता लक्षात ठेवणे मानवी बुद्धीला शक्य नाही. जे शक्यच नाही ते न केल्याबद्दल दोष देणे न्यायाला धरून नाही. ॲन ॲडम्स आणि अँजेला सॅसे यांनी १९९९ सालच्या निबंधात हेच दाखवले होते की लोक सुरक्षेचे शत्रू नसतात, अशक्य मागण्यांमुळे ते पळवाटा शोधतात. खरा मार्ग पासवर्ड सांभाळणाऱ्या ॲपचा आहे. पण कित्येक संकेतस्थळे पासवर्डच्या चौकटीत मजकूर चिकटवायलाच बंदी घालतात आणि तो मार्गही अडवतात. आणि प्रत्येक कामासाठी खाते खरोखर लागते का, हा प्रश्न बांधणाऱ्यांनी आधी स्वतःला विचारावा. जे खाते उघडलेच नाही, ते फुटत नाही.

तिसरा आक्षेप आपल्याकडे विशेष आग्रहाने मांडला जातो. भारतात ओटीपी आहे, म्हणून पासवर्डची एवढी चिंता कशाला? रिझर्व्ह बँकेने ऑनलाइन कार्ड व्यवहारांसाठी २००९ सालीच दुसऱ्या टप्प्याची पडताळणी सक्तीची केली आणि तो दूरदृष्टीचा निर्णय होता. पण एसएमएसने येणाऱ्या ओटीपीलाही पासवर्डचीच मर्यादा आहे. तो माणसाला वाचता येतो, म्हणून फोनवरून काढून घेता येतो. बनावट पानावर भरला, तर पलीकडचा चोर तो त्याच क्षणी खऱ्या पानावर भरतो. दुसऱ्याच्या नावाने सिम बदलून घेतले, तर तो थेट चोराच्या हाती पडतो. आणि फसल्यावर पुन्हा तोच शब्द ऐकू येतो, तुम्ही ओटीपी सांगितलाच का? तंत्रज्ञानात याचे उत्तर आहे. पासकी या पद्धतीत यंत्रात एक गुप्त किल्ली तयार होते आणि तिची जोडीदार सार्वजनिक किल्ली तेवढी संकेतस्थळाकडे जाते. लॉगिन करताना यंत्र संकेतस्थळाचा पत्ता तपासून सही करते, म्हणून बनावट पानाला काही मिळत नाही, आणि संकेतस्थळ फुटले, तरी तिथे चोरण्याजोगे रहस्य नसते. या पद्धतीचे मानक २०१९ मध्ये वर्ल्ड वाइड वेब कन्सॉर्शियमने मान्य केले, आणि २०२२ मध्ये ॲपल, गूगल आणि मायक्रोसॉफ्ट यांनी तिचा विस्तार करण्याचे एकत्रित जाहीर केले.

पासकीवरही प्रामाणिक आक्षेप आहे, आणि तो गावोगावच्या परिस्थितीतून येतो. घरात एकच फोन असतो, अर्ज सेवा केंद्रातल्या चालकाच्या संगणकावर भरला जातो, फोन हरवतो किंवा विकला जातो. अशा ठिकाणी यंत्राला बांधलेली किल्ली अडचणीची ठरू शकते. म्हणून ओळख परत मिळवण्याचा मार्ग लॉगिनइतक्याच काळजीने बांधला पाहिजे, आणि माणसाच्या मदतीची खिडकी उघडी ठेवली पाहिजे. पण हा आक्षेपसुद्धा माझ्याच म्हणण्याला बळ देतो. लोक कसे राहतात ते पाहून व्यवस्था बांधणे हे बांधणाऱ्याचे काम आहे. सेवा केंद्रातल्या माणसाला पासवर्ड सांगावा लागतो, कारण त्याच्याकडून अर्ज भरून घेण्यासाठी मर्यादित परवानगी देण्याची सोय त्या संकेतस्थळावर ठेवलेलीच नसते.

उरतो प्रश्न नुकसान कोणी सोसायचे याचा. इथे भारतीय नियमांत एक न्याय्य तत्त्व आधीच आहे. रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकानुसार ग्राहकाची जबाबदारी सिद्ध करण्याचा भार बँकेवर असतो. मात्र ग्राहकाने आपली गुप्त माहिती स्वतःच दिली असेल, तर तक्रार करेपर्यंतचे नुकसान त्याचे ठरते, आणि फसवणुकीच्या बहुतेक कहाण्या याच ओळीपाशी येऊन अडतात. सप्टेंबर २०२५ मध्ये रिझर्व्ह बँकेने डिजिटल पेमेंटच्या पडताळणीबद्दल नवे निर्देश काढले. १ एप्रिल २०२६ ही ते लागू होण्याची तारीख. या निर्देशांचे पालन न करता झालेल्या व्यवहारात ग्राहकाचे नुकसान झाले, तर ते संबंधित संस्थेने विनातक्रार पूर्ण भरून द्यावे, असे त्यांत म्हटले आहे. दुसरीकडे २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायद्यात वाजवी सुरक्षा न ठेवणाऱ्याला २५० कोटी रुपयांपर्यंत दंड आहे, पण तो जमा होतो भारताच्या संचित निधीत. शिवाय माहिती तंत्रज्ञान कायद्यातले भरपाई देणारे कलम ४३अ याच कायद्याने वगळायचे ठरवले आहे. ज्याची माहिती फुटली, त्याच्या हाती या दंडातून काहीच येत नाही.

म्हणून मागणी अशी हवी. पेमेंटसाठी रिझर्व्ह बँकेने जे तत्त्व मान्य केले, ते लोकांची माहिती साठवणाऱ्या प्रत्येक सेवेला लागू व्हावे. फुटलेल्या पासवर्डांची तपासणी, संथ हॅश आणि सॉल्ट, अमर्याद प्रयत्नांना आळा, आणि बनावट पानाला दाद न देणारी दुसरी पडताळणी हे किमान उपाय ज्या संस्थेने केले नाहीत, तिला ग्राहकाच्या निष्काळजीपणाचा बचाव मिळू नये, आणि भरपाई थेट पीडिताला मिळावी. सरकारी संकेतस्थळांनी मुदतीचे आणि अंक-चिन्हांचे नियम काढून टाकून याची सुरुवात करावी, कारण त्याला नवा पैसा लागत नाही. नुकसानाची किंमत बांधणाऱ्याला मोजावी लागली, की तो व्यवस्था काळजीने बांधतो. ती किंमत ग्राहकावर ढकलण्याची सोय राहिली, तर १९७९ पासून ठाऊक असलेली गोष्टही पंचेचाळीस वर्षांनी पुन्हा चौकशी अहवालांत वाचावी लागते.